पायथागोरस कुणाला लागत नाही? आमच्या गच्चीवर या

वर्तकनगरातल्या आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मेसेज पुन्हा फिरतोय: 'दहावीत पायथागोरस घोकला, आयुष्यात एकदाही लागला नाही. मिस्त्री कुठे प्रमेय वापरतात? टेप लावली की माप मिळतं, नाहीतर फोन आहेच. ग्रीकांचं ओझं आपल्या मुलांवर कशाला?' त्याखाली अंगठ्यांची रांग. या ग्रुपवर दहावीची मुलंही आहेत, म्हणून उत्तर देणं भाग आहे.

मिस्त्री प्रमेय वापरत नाहीत, हे साफ चूक. लादी बसवणारा कारागीर काम सुरू करताना एकदा शेजारी उभं राहून बघा. कोपऱ्यापासून एका भिंतीवर तीन फुटांवर खूण, दुसरीवर चार फुटांवर, आणि दोन खुणांमधलं तिरकं अंतर नेमकं पाच फूट येतंय का ते तो पाहतो. आलं, तर कोपरा काटकोनात. तीनाचा वर्ग नऊ आणि चाराचा सोळा, मिळून पाचाचा वर्ग पंचवीस. वर्गांची बेरीज अशी जुळली की कोन काटकोन, यालाच दहावीच्या भूमितीत प्रमेयाचा व्यत्यास (उलट बाजूने मांडलेलं प्रमेय) म्हणतात. मोठ्या खोलीत तो सहा-आठ-दहा धरतो. हातात गुण्या, म्हणजे काटकोन तपासायची पट्टी, असताना हा खटाटोप का? कारण दोन फुटांच्या गुण्यातली एका सुताची चूक डोळ्याला दिसत नाही. तीच वीस फुटांवर दहा सूत, म्हणजे सव्वा इंच होते आणि भिंतीलगतच्या लाद्या पाचरीसारख्या कापाव्या लागतात. त्या माणसाला प्रमेयाचं नाव ठाऊक नसेल, पण तो ते रोज वापरतो. त्याच्या नावावर 'गणित लागत नाही' म्हणणं मला त्याचा अपमान वाटतो.

'टेप लावली की झालं' हा मुद्दा वरवर पटणारा आहे. पण टेप लागते ती समोर असलेल्या वस्तूला. जे अजून उभंच राहिलेलं नाही, ते कसं मोजणार? आमच्या शेजारच्यांनी १०६ इंच उंच, २४ इंच खोल कपाट करून घेतलं. छत नऊ फुटांवर, म्हणजे १०८ इंच. दोन इंच मोकळे, सगळे निश्चिंत. कपाट जमिनीवर आडवं ठेवून जोडलं, चौघांनी उचललं आणि ते अर्ध्यात छताला अडकलं. उभं होताना कपाटाची उंची नाही, कर्ण, म्हणजे समोरासमोरच्या कोपऱ्यांमधलं तिरकं अंतर, छताखालून जातो. १०६ आणि २४ यांच्या वर्गांची बेरीज ११,८१२, तिचं वर्गमूळ जवळजवळ १०८.७. पाऊण इंचासाठी नव्या कपाटाचा तळ कापावा लागला. कागदावर दोन मिनिटांचा हिशेब होता.

गच्चीवरच्या पावसाळी शेडचंही तसंच. मधल्या आढ्यापासून कडेपर्यंत आडवं अंतर १५ फूट, आढ्याची जादा उंची ५ फूट. पत्रा १५ फुटी मागवला तर कडेला दहा इंच उघडे राहतात, कारण तिरका पत्रा १५ फूट १० इंच लागतो. कडेबाहेर काढायचा पत्रा वेगळाच.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे मान्य करते. व्हीलचेअरच्या उतारासाठी एकास बारा हे प्रमाण धरतात. दीड फूट चढायला आडवे १८ फूट लागतात, आणि तिरकी लांबी त्याहून जेमतेम पाऊण इंच जास्त. तिथे मिस्त्री सरळ १८ फूट धरतो, ते बरोबरच आहे. पण उतार मंद असला की फरक मावळतो, हेही त्याच प्रमेयातून कळतं.

फोनचं थोडक्यात सांगते. कॅमेऱ्याने माप घेणारं ॲप दोन बिंदूंची जागा ठरवतं आणि लांबी, रुंदी, उंचीतल्या फरकांचे वर्ग मिळवून वर्गमूळ काढतं. प्रमेय तिथेही आहेच, फक्त दिसत नाही.

राहिलं ग्रीकांचं ओझं. आयताच्या कर्णावरचा वर्ग दोन बाजूंवरच्या वर्गांच्या बेरजेइतका असतो, हे बौधायनाच्या शुल्बसूत्रात पायथागोरसच्या आधीच सांगितलंय, तेही दोरीच्या भाषेत, कारण यज्ञवेदी दोरीनेच आखायच्या होत्या. आणि ११५० साली भास्कराचार्यांनी 'लीलावती'त विचारलं: ३२ हात उंच वेळू वाऱ्याने मोडला, शेंडा बुंध्यापासून १६ हातांवर टेकला, तर तो किती उंचीवर मोडला? ग्रुपवरच्या दहावीच्या मुलांनो, आधी स्वतः करून बघा. माझं उत्तर बारा हात आलंय. उरलेले वीस हात म्हणजे कर्ण.