हॅमंड ऑर्गन ‘फसलेली नक्कल’ नाही

इलेक्ट्रिक ऑर्गनबद्दल एक समज सतत फिरतो: ‘हॅमंड म्हणजे पाइप ऑर्गनची (चर्चमधल्या, नळ्यांतून हवा सोडून वाजणाऱ्या वाद्याची) इलेक्ट्रॉनिक नक्कल. ती जमली नाही, म्हणून जॅझ-रॉकवाल्यांनी फिरत्या स्पीकरमागे ती लपवली. आज तोच आवाज कुठल्याही कीबोर्डवर मिळतो.’

‘नक्कल’ या शब्दात थोडं तथ्य आहे. 1935 साली आलेल्या या वाद्याची जाहिरात पाइप ऑर्गनच्या तोडीचं म्हणून झाली आणि 1938 मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने, म्हणजे व्यापारावर देखरेख करणाऱ्या सरकारी संस्थेने, ती थांबवायला लावली. पण खोटी ठरली ती जाहिरात, वाद्य नव्हे.

‘इलेक्ट्रॉनिक’ मात्र साफ चूक. हॅमंडच्या 1954 च्या बी-3 या मॉडेलमध्ये 91 दातेरी पोलादी चाकं सूर देतात. चाकासमोर चुंबकाची कांडी, तिच्यावर तारेचं वेटोळं. चाकाचा दाता जवळून गेला की वेटोळ्यात वीज उमटते. 16 दात्यांचं चाक सेकंदाला 27.5 फेरे घेतं, की 440 हर्ट्झचा सूर तयार. व्हॉल्व्ह (निर्वात नळ्या) तो फक्त पुढे वाढवतात. चाकं फिरवणारी मोटर विजेच्या फ्रिक्वेन्सीला बांधलेली असते. म्हणून 60 हर्ट्झचं यंत्र 50 वर लावलं, तर व्होल्टेज बरोबर असूनही सगळा ऑर्गन साधारण सा ते कोमल ग एवढ्या अंतराने उतरतो.

पट्टी दाबताना येणारा ‘टक्’ हा खरा दोष होता. प्रत्येक पट्टीखाली नऊ संपर्क असतात आणि ते नेमके एकाच क्षणी जुळत नाहीत. कंपनीला तो नको होता. पण जलद तानेत त्याच टक्‌मुळे प्रत्येक सूर सुटा ऐकू येतो, आणि 1956 पासून जॅझ ऑर्गनवादक जिमी स्मिथने ते जगाला ऐकवलं.

लपवण्याचं म्हणाल, तर तो फिरता स्पीकर, म्हणजे डोनाल्ड लेस्लीचा स्पीकर, काही झाकत नाही. साधारण 800 हर्ट्झच्या वरचा आवाज फिरत्या भोंग्यात जातो, खालचा फिरत्या ड्रममध्ये. भोंग्याला तोंडं दोन, पण वाजतं एकच. दुसरं तोल राखायला. वेग बदलला की हलका भोंगा लगेच पळतो, जड ड्रम मागून येतो. ही ओढाताण वादक हाताने खेळवतो.

राहिला कीबोर्ड. बी-3 वर पर्कशन (सुराच्या सुरुवातीला क्षणभर उमटणारा ठोका) लावा आणि सूर एकमेकांना जोडून वाजवा. ठोका फक्त पहिल्या सुराला मिळतो. सगळ्या पट्ट्या सोडल्याशिवाय पुन्हा येत नाही. शिवाय पर्कशन चालू असताना एक फुटाचा ड्रॉबार (सुराचे घटक कमीजास्त करणाऱ्या ओढपट्ट्यांपैकी सर्वात उंच सुराची) गप्प होतो. कीबोर्डवर असं वाजवताना प्रत्येक सुरावर ठोका पडत असेल, तर तो आवाज हॅमंडचा नाही.