दहा पौंडांची बाद नोट

साताऱ्यात राजवाड्यासमोर गोलबागेच्या कडेला आमचा कट्टा भरतो तो रात्री साडेआठनंतर. तोवर पश्याचं दुकान आणि शकीलचं गॅरेज बंद झालेलं असतं, आणि इनामदार सरांची शतपावली आमच्यापाशी येऊन थांबते, ती तासभर थांबलेलीच असते. परवा अमित्या चहाचे सुटे पैसे काढत होता तेव्हा पाकिटाच्या आतल्या कप्प्यातून एक तपकिरी नोट खाली पडली. विन्यानं उचलली आणि दिव्याखाली धरली.

"दहा पौंड! पण राणी कुठाय यावर?"

राणी नव्हतीच. एका बाजूला वॉल्टर स्कॉट हा लेखक, मागे डोंगरातून वळत गेलेला २१ कमानींचा रेल्वेचा पूल, आणि वर नाव 'बँक ऑफ स्कॉटलंड'. अमित्या २०१३-१४ साली एडिनबरोला एमएस्सीला होता, तेव्हापासून ही नोट पाकिटात आहे. कागदी नोटा तिकडे २०१८ साली चलनातून गेल्या, त्यामुळे आता नुसती आठवण.

"म्हणजे त्यांची नोटबंदी झाली नि तू रांगेत उभा राहिला नाहीस," पश्या म्हणाला.

विन्याचं डोकं मात्र दुसरीकडेच चाललेलं. त्याला कुठल्याही विषयात अस्मिता सापडते. "नोट वेगळी. फुटबॉलची टीम वेगळी. कायदा वेगळा म्हणतोस, कोर्ट वेगळं, चर्च वेगळं. आणि देश नाही? मग मागायचा ना! २०१४ला मागायची संधी मिळाली तर ५५ टक्के लोक नको म्हणाले. असली कसली अस्मिता?"

"तू ज्या नोटेवर बोट ठेवून बोलतोयस," सर म्हणाले, "त्या माणसालाच विचार. हा स्कॉट एकीकरणवाला होता."

सर बोलायला लागले की आम्ही मध्ये पडत नाही. एकतर ते आमचे इतिहासाचे मास्तर, आणि दुसरं म्हणजे मध्ये पडून उपयोग होत नाही. १८२६ साली लंडन सरकारनं पाच पौंडांखालच्या नोटा बंद करायचं ठरवलं. स्कॉटलंडचा सगळा व्यवहार एक पौंडाच्या नोटेवर चालायचा. स्कॉटनं टोपणनावानं वर्तमानपत्रात अशी काही पत्रं लिहिली की सरकारला स्कॉटलंडपुरता नाद सोडावा लागला. म्हणून तिकडे आजही बँका आपापल्या नोटा काढतात, आणि बँक ऑफ स्कॉटलंडच्या प्रत्येक नोटेवर हा असतो. त्याच्या चार वर्षं आधी, १८२२मध्ये, चौथा जॉर्ज राजा एडिनबरोला आला तेव्हा त्याला चौकटीचा घागरा, म्हणजे किल्ट, घालून मिरवायची सगळी व्यवस्था ह्याच स्कॉटची. राजाच्या पायात गुलाबी तंग विजारी होत्या म्हणे. ज्या डोंगरी लोकांचा पोशाख १७४६ साली, त्यांचं बंड मोडलं त्या कलोडनच्या लढाईनंतर, कायद्यानं बंद केला होता, तोच ७६ वर्षांनी खुद्द इंग्लंडच्या राजाच्या अंगावर.

"म्हणजे स्कॉटिशपणाचा झेंडा उभारला तोच मुळी लंडनबरोबर राहायचं म्हणणाऱ्यानं," सर म्हणाले. "विन्या, तुला वाटतं अस्मिता म्हटली की पुढचं स्टेशन वेगळा देश. ती गाडी तिकडे तीनशे वर्षं मधल्याच स्टेशनावर उभी आहे, आणि बऱ्याच लोकांना तिथे बरं चाललंय."

"बरं चाललंय कारण विकले गेले," विन्या म्हणाला. १७०७ची गोष्ट त्याला कुठून तरी माहीत होती. स्कॉटलंडची संसद तेव्हा इंग्लंडशी एकीकरण मान्य करून स्वतःच स्वतःला बरखास्त करून मोकळी झाली.

इथे पश्या जागा झाला. हिशेबाचा विषय त्याचा. "का विकले गेले ते सांगा की सर."

कारण दिवाळं. पनामाच्या डेरियन किनाऱ्यावर आपली वसाहत उभारायची म्हणून स्कॉटलंडभर लोकांनी शेअर घेतले, चार लाख पौंड कबूल झाले. १६९८ला जहाजं गेली. ताप, उपासमार, स्पॅनिश सैन्य. दोनेक हजार माणसं मेली आणि दोन वर्षांत सगळा खेळ आटोपला. एकीकरणाच्या करारात इंग्लंडनं ३,९८,०८५ पौंड दहा शिलिंग मोजले, त्यातून बुडालेल्या भागधारकांना व्याजासकट पैसे परत मिळाले. त्यातले पुष्कळ भागधारक कराराला मत देणाऱ्यांपैकीच होते.

"वर दहा शिलिंगसुद्धा!" पश्याला ते फार आवडलं. "म्हणजे कुणीतरी पै-पैचा हिशेब केला होता. मला त्या माणसाला भेटायचंय."

"आणि त्यानंतर," सर म्हणाले, "ते इंग्लंडचे गुलाम झाले असं समजू नकोस. भागीदार झाले. पुरावा पाहिजे तर लांब जाऊ नको, ह्याच गावात आहे." १८१८ ते १८२२ साताऱ्याचा कारभार ज्याच्या हातात होता, प्रतापसिंह महाराजांना ज्यानं राज्य कसं चालवायचं ते शिकवलं असं इंग्रज सांगतात, तो ग्रँट डफ स्कॉटलंडातल्या बॅन्फचा. मराठ्यांचा इतिहास लिहिला त्यानं, तोही १८२६चाच. त्याला इथं नेमणारा एल्फिन्स्टन स्कॉटिश. त्याच्यानंतरचा मुंबईचा गव्हर्नर माल्कम स्कॉटिश, महाबळेश्वरची माल्कम पेठ त्याच्या नावाची. "आपण लहानपणापासून 'इंग्रज आले, इंग्रज गेले' म्हणतो. आपल्या भागात आलेल्यांत हे लोक पुष्कळ होते. त्यांना आता कुणी 'आम्हीपण तुमच्यासारखेच पारतंत्र्यातले' म्हणालं तर मी तरी हसेन."

अमित्या म्हणाला, एडिनबरोतही ऑर्थर सीट नावाचा डोंगर आहे, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा त्याला घरची आठवण आली होती. महाबळेश्वरची ऑर्थर सीट ऑर्थर मॅलेट साहेबाच्या नावाची, तिचा ह्याच्याशी संबंध नाही. पण पहिल्या थंडीत संबंध लावायला माणसाला काहीही चालतं.

विन्या हटला नाही, आणि मला वाटतं ह्या एका मुद्द्यात तो बरोबर होता. "जुनं सोडा सर. १९७९ला काय केलं?" १९७९ला स्कॉटलंडला स्वतःची विधानसभा द्यायची का यावर मतदान झालं. ५१.६ टक्के 'हो' म्हणाले. पण आधीच अट घालून ठेवलेली: एकूण मतदारांपैकी ४० टक्क्यांनी 'हो' म्हटलं पाहिजे. ते भरले ३२.९. म्हणजे जो मेला, जो यादीत दोनदा होता, जो घरी झोपला, तो सगळा 'नाही'त जमा. जिंकून हरले. वर पुढची अठरा वर्षं टोरी, म्हणजे हुजूर पक्षाचं, सरकार, ज्याला स्कॉटलंडमध्ये बहुमत कधी मिळालंच नाही, आणि माणशी कर, पोल टॅक्स, इंग्लंडच्या एक वर्ष आधी १९८९ला स्कॉटलंडवर लादलेला.

"ती चाळीसची अट घालणारा खासदार माहितीये?" सर म्हणाले. "जॉर्ज कनिंगहॅम. लंडनमधून निवडून आलेला. जन्मानं स्कॉटिश."

"घरचा भेदी," विन्या.

"नाहीतर लंडनचा रहिवासी," अमित्या म्हणाला. इतका वेळ तो फारसा बोलला नव्हता. "तिकडे हाच तर वाद आहे. कोण कुठला हे कशावरून ठरवायचं. मी २०१४ला मतदान केलं, ते सांगितलंय का तुम्हाला?"

कट्ट्यावर शांतता पसरली. शकीलनं सिगरेट विझवली.

"तू? स्कॉटलंड वेगळा देश व्हावा का यावर? तू?"

"राष्ट्रकुलातला नागरिक, कायदेशीर राहतोय, पत्ता तिथला. बस. घरमालकीण म्हणाली नाव घाल यादीत, घातलं." १८ सप्टेंबर, गुरुवार. घरामागच्या प्राथमिक शाळेत केंद्र. बाहेर दोन्ही बाजूंचे लोक बिल्ले लावून शेजारीशेजारी उभे, एकमेकांना बिस्किटं देत. ओळखपत्र कुणी मागितलं नाही. नाव सांगितलं, पत्ता सांगितला, कागद हातात दिला. फळीवर दोरीला बांधलेली शिसपेन्सिल. बोटाला शाई नाही. कागदावर एकच प्रश्न: स्कॉटलंड स्वतंत्र देश असावा का? आधी स्कॉटलंडच्या सरकारला तो प्रश्न 'आपण सहमत आहात का' असा विचारायचा होता. निवडणूक आयोग म्हणाला, तसं विचारलंत तर लोकांचा कल होकाराकडे झुकतो. मग ते शब्द गेले.

"सोळा वर्षांची पोरं होती रांगेत, गणवेशात," तो म्हणाला. "पोलंडचे प्लंबर होते. मी होतो. आणि शॉन कॉनरी नव्हता."

हातावर 'स्कॉटलंड फॉरएव्हर' गोंदलेला, आयुष्यभर स्वातंत्र्याचा प्रचार केलेला, जेम्स बाँड झालेला नट. राहायला बहामाला, म्हणून मत नाही. लंडनला नोकरीला गेलेल्या स्कॉटिश पोरांनाही नाही.

विन्याला हे अजिबात पचेना. "हा काय न्याय झाला? जन्मलेला बाहेर आणि तू आत? आपल्याकडे नुसत्या डोमिसाइलला पंधरा वर्षं लागतात!"

"पण ही अट तिकडच्या राष्ट्रवाद्यांनाच, स्वातंत्र्य मागणाऱ्या पक्षालाच, मान्य होती," अमित्या म्हणाला. "राहतो तो स्कॉटिश, असंच म्हणत होते ते."

शकील म्हणाला, "म्हणून तर तो हमझा युसुफ झाला ना त्यांचा मुख्यमंत्री." शकील राजकारणावर फारसा बोलत नाही, पण हे त्यानं मोबाइलवर पाहिलेलं होतं. २०१६ला आमदारकीची शपथ घेताना अंगात किल्ट आणि तोंडात उर्दू. "२०२३मध्ये लंडनला पंतप्रधान सुनक आणि एडिनबरोला युसुफ. दोघांची घरं मूळची आता पाकिस्तानात गेलेल्या पंजाबातली. आणि हे दोघं बसून इंग्रजांच्या देशाची फाळणी करायची का नाही ते ठरवणार! माझा मामेभाऊ दोन दिवस तेवढंच फॉरवर्ड करत होता."

हसून झाल्यावर पश्या मुद्द्यावर आला. "मला एवढं सांग, हरले कशानं? पैशानंच ना?"

बऱ्याच अंशी. पौंड वापरत राहू, असं राष्ट्रवाद्यांचा नेता अलेक्स सॅमंड म्हणत होता. फेब्रुवारीत ब्रिटनचा अर्थमंत्री ऑस्बर्ननं एडिनबरोत येऊन सांगितलं, वेगळे व्हाल तर पौंडात भागीदारी नाही. लंडनच्या तिन्ही पक्षांनी एकच सूर लावला. पश्यानं नोट हातात घेऊन उलटसुलट केली. "मग ही कुणाच्या जोरावर चालत होती?" तर बँक ऑफ इंग्लंडच्या. स्कॉटिश बँकेनं काढलेल्या नोटांइतकी रक्कम तिकडे ठेवावी लागते, आणि त्यासाठी बँक ऑफ इंग्लंडच्या तिजोरीत दहा-दहा लाखांच्या आणि दहा-दहा कोटी पौंडांच्या नोटा असतात, बाहेर कधी न येणाऱ्या. हे ऐकून पश्या मिनिटभर काही बोलला नाही. मग म्हणाला, "चेहरा यांचा, गॅरंटी त्यांची. आणि एवढं असूनही लंडनचा टॅक्सीवाला ही नोट बघून तोंड वाकडं करत असेल."

"करतो," अमित्या म्हणाला. "मी भांडलोय."

आणि तेल, त्यांच्या उत्तर समुद्रातलं. स्वतंत्र झाले असते तर तारीख ठरलेली होती, २४ मार्च २०१६. हिशेब केला होता तेल पिंपाला शंभर डॉलरच्या वर धरून. त्या जानेवारीत तेल तीस डॉलरच्या खाली होतं. पश्यानं नुसते हात वर केले, वकिलानं शेवटचा साक्षीदार तपासून झाल्यावर करावेत तसे.

"ते ठीक आहे," विन्या म्हणाला, "पण हिशेब बघून कुठला देश झालाय का? तू मत कशाला दिलंस ते सांग."

अमित्यानं जरा वेळ घेतला. "हो म्हणून."

"आणि घरमालकीण?"

बाई लीथची, एडिनबरोच्या बंदराकडची. नवरा गोदीत कामाला होता, वारलेला. स्वयंपाकघरात त्यांचा कवी रॉबर्ट बर्न्स याचं चित्र, बोलणं असलं स्कॉट्स की ह्याला पहिले तीन महिने 'हो' आणि 'नाही' एवढंच कळायचं. इंग्लंडची फुटबॉल टीम हरली की केक करायची. तिनं 'नको' म्हणून मत दिलं. पेन्शनची भीती, आणि वेगळे झालो तर युरोपातून बाहेर फेकले जाऊ असं सगळे सांगत होते.

"रात्री दोघं टीव्हीसमोर बसलो होतो. ३२ जिल्ह्यांतल्या चारच ठिकाणी 'हो' निघालं. डंडी, ग्लासगो आणि ग्लासगोशेजारचे दोन. पहाटे ती चहा करायला उठली. मला म्हणाली, वाईट वाटून घेऊ नकोस रे. मी तिची समजूत काढायची की तिनं माझी! आणि जानेवारीत माझा व्हिसा संपला, मी इथं परत."

"बघा," विन्या उसळला. "हेच म्हणतोय मी. मत देऊन तू निघून आलास. 'हो' जिंकलं असतं तर तेल तीस डॉलरला पडल्यावर तिची पेन्शन काय तू दिली असतीस?"

सरसुद्धा ह्यावर काही म्हणाले नाहीत. मला वाटलं अमित्या चिडेल, पण तो नोटेची घडी घालत राहिला. जुन्या घडीवरच घडी.

"पुढे २०१६ला युरोपात राहायचं म्हणून ६२ टक्के स्कॉटलंडनं मत दिलं, तरी बाहेर पडावंच लागलं," तो म्हणाला. "मग तिचा फोन आला होता. म्हणाली, आता पुन्हा विचारलं तर मी 'हो' म्हणेन. पण पुन्हा विचारायचा अधिकार एडिनबरोला नाही, असं २०२२ला सुप्रीम कोर्टानं सांगून टाकलं."

"मग २०२४ला त्या राष्ट्रवाद्यांचे खासदार नऊवर कसे आले?" पश्या. "२०१५ला तर ५९पैकी ५६ होते ना?"

"तेच मी विचारलं तिला. तर म्हणते, स्वातंत्र्य मला पाहिजे, ही माणसं नकोत."

"सरांसारखंच बोलते की," शकील म्हणाला, आणि चहाचे पैसे द्यायला उठला.