कॅमेरामनला डायरेक्टर होता येतं का?

बीडकडच्या एका पोराचा परवा फोन आला. हळद, मुंज, डोहाळजेवण असं सगळं शूट करतो, हात चांगला आहे. म्हणाला, "दादा, कॅमेरामनला डायरेक्टर होता येतं का? घरचे म्हणतेत, ते पुण्या-मुंबईच्या लोकांचं काम." फोनवर नीट बोलणं झालं नाही, म्हणून इथं लिहितोय.

येतं. गोविंद निहलानी बंगळूरला कॅमेरा शिकले, गुरुदत्तच्या सिनेमांचे कॅमेरामन व्ही. के. मूर्ती यांच्या हाताखाली राहिले. १९७४ च्या 'अंकुर'चा कॅमेरा त्यांचा. दिग्दर्शक श्याम बेनेगल जाहिरातींतून आलेले, आणि गोष्ट तेलंगणातल्या जमीनदारीची, म्हणजे आपण ज्या निजामाच्या राज्यात होतो तिथलीच. मग १९८० साली 'आक्रोश', दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही निहलानींचं. त्यातला ओम पुरींचा लहान्या भिकू जवळजवळ अख्खा सिनेमा गप्प आहे. वकील विचारून थकतो, हा नुसता बघत राहतो. वर्षानुवर्षं भिंगातून माणसांचे चेहरे न्याहाळलेल्या माणसालाच गप्प चेहऱ्यावर एवढा भरवसा वाटू शकतो, असं मला मनापासून वाटतं. अलीकडचं म्हणशील तर 'नटरंग'चा कॅमेरा करणाऱ्या महेश लिमयेंनी 'येलो' केला, 'सैराट'वाल्या सुधाकर रेड्डींनी 'नाळ'.

पण मधे एक पायरी आहे, आणि ती मी चुकलो.

अंबाजोगाईत लग्नं शूट करता करता मला एका कृषी सेवा केंद्राची जाहिरात मिळाली. तीस सेकंद, म्हणजे साडेसातशे फ्रेम. पहिल्यांदाच डायरेक्टर म्हणून उभा होतो. मे महिना होता. एका तात्यांनी घरच्या सोयाबीनची उगवण बघायला शंभर दाणे मोजून ओल्या गोणपाटात गुंडाळून ठेवले होते. शंभरात सत्तर उगवले तर बी पेरायचं, नाहीतर विकत आणायचं. सहाव्या दिवशी सकाळी त्यांनी माझ्यासमोर गोणपाट उलगडलं. बोट एकेका मोडावरून पुढं जात होतं. एका ओळीत चार-पाच दाणे तसेच पडलेले. तिथं बोट थांबलं. श्वाससुद्धा थांबला असावा. मग पुन्हा मोजणी सुरू.

आणि मी तेव्हा ऊन कोपऱ्यातून खाली उतरायची वाट बघत होतो. कॅमेरा बंद होता. ऊन आल्यावर म्हणालो, "तात्या, परत एकदा उलगडा की."

"आता काय नवं हाय त्यात? मोजलंय की मघाशीच."

तरी त्यांनी केलं, माझ्या शब्दाखातर. उजेड सुरेख होता, मोडांची सावलीसुद्धा दिसत होती. पण बोट कुठंच थांबलं नाही. आकडा त्यांना ठाऊक झाला होता.

जाहिरात लोकांना आवडली, मालकानं पैसेही वेळेवर दिले. पण ते थांबलेलं बोट अजून माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही.

म्हणून भावा, जिंबल (कॅमेरा हलू न देणारा स्टँड) नि ड्रोनचे हप्ते भरायच्या आधी एक कर. नवरी निघताना बाप मांडवाच्या खांबाला धरून उभा असतो ना, तिथं उजेड नसला तरी तू असायला पाहिजेस. हे आपल्याला कुठल्या कोर्समध्ये शिकायला जावं लागत नाही, दर सीझनला पन्नास वेळा समोर घडतं.

काल तात्यांना फोन केला, यंदा गोणपाट कधी भिजवणार म्हणून. तारीख सांगितलीय. आदल्या रात्रीच मुक्कामाला जातोय.