मामा, तो कायदा आपल्यालाही लागू होता

मामांनी गेल्या आठवड्यात घरच्या ग्रुपवर एक मेसेज टाकला. तोच मेसेज ऑफिसातल्या दोघांकडून मला आधीच आला होता, तेव्हा मी दुर्लक्ष केलं. पण मामांचा मुलगा मेलबर्नला असतो आणि नातू तिथल्या शाळेत सातवीत आहे. त्या पोराने रविवारी फोन करून मला विचारलं, "आत्या, हे खरं आहे का गं? माझ्या बाकावरचा मुलगा चिनी आहे." आता गप्प बसणं शक्य नाही.

मेसेज थोडक्यात असा: १८५० नंतर सोन्यासाठी ऑस्ट्रेलियात गेलेले चिनी तिथल्या लोकांत कधी मिसळले नाहीत, सोबत अफू घेऊन आले, सोनं लुटून मायदेशी नेलं, मागे काहीच ठेवलं नाही. म्हणून त्या देशाने वेळीच कडक कायदा केला आणि स्वतःला वाचवलं. आपणही शिकावं.

मिसळले नाहीत? मिसळू कोणी दिलं त्यांना? मेलबर्न ज्या भागात आहे त्या व्हिक्टोरिया या ब्रिटिश वसाहतीत १८५१ मध्ये सोनं सापडलं. चीनच्या ग्वांगडोंग प्रांतातले लोक, बरेचसे शेतकरी घरांतले, तिकिटाचे पैसे कर्जाऊ काढून निघाले. जून १८५५ मध्ये व्हिक्टोरियाने कायदा केला: जहाजाच्या दर दहा टनांमागे एकच चिनी प्रवासी, आणि उतरताना माणशी १० पाउंड कर. इंग्रज, आयरिश, जर्मन, अमेरिकन, कोणालाही हा कर नव्हता. फक्त चिन्यांना. खाणींच्या गावांत त्यांच्यावर वेगळे अधिकारी नेमले, राहायला ठरावीक छावण्या आखून दिल्या, पुढे तिथे राहण्याचाही वेगळा कर लावला. आधी माणसांना गावाबाहेर बसवायचं आणि मग म्हणायचं की हे गावात येत नाहीत. हा डाव आपल्याकडच्या माणसाला तरी समजावून सांगावा लागू नये.

तो कर चुकवण्यासाठी जहाजं शेजारच्या दक्षिण ऑस्ट्रेलियात रोब नावाच्या लहानशा बंदरात माणसं उतरवू लागली. काही वर्षांत १६ हजारांच्या आसपास चिनी तिथे उतरले आणि खांद्यावर कावड घेऊन सुमारे चारशे किलोमीटर चालत खाणींकडे गेले. १८५७ मध्ये अशाच एका तांड्याला वाटेत पाण्यासाठी थांबले असताना सोनं सापडलं, आणि तिथे अरारात हे गाव उभं राहिलं. ते गाव आजही अभिमानाने सांगतं की आमची सुरुवात चिन्यांनी केली. म्हणजे "मागे काहीच ठेवलं नाही" म्हणता म्हणता मेसेजवाल्याने एक अख्खं गाव गिळलं.

त्याच वर्षी ४ जुलैला व्हिक्टोरियातल्या बकलंड नदीच्या खोऱ्यात गोऱ्या खाणकामगारांच्या जमावाने चिन्यांना हुसकावून लावलं, त्यांचे तंबू आणि देऊळ जाळलं. काही जण त्या पळापळीत मेले. ३० जून १८६१ ला शेजारच्या न्यू साउथ वेल्स वसाहतीत लॅम्बिंग फ्लॅट या खाणींच्या ठिकाणी तसंच झालं. तिथे जेम्स रॉबर्ट्स नावाच्या एका जमीनदाराने शेकडो चिन्यांना आपल्या जागेत आसरा दिला. यातली एकही गोष्ट त्या मेसेजमध्ये नाही.

आता अफू. हे वाचून माझा संताप अनावर झाला, कारण मेसेज मुंबईत बसून फिरवला जातोय. चिन्यांच्या छावण्यांत अफू ओढली जायची, हे खरं आहे. जुगारही चालायचा. पण चीनला अफूची सवय लावणारा माल कुठून गेला? बंगालमधून, आणि माळव्यातून. माळव्याची अफू आपल्या मुंबई बंदरातून ग्वांगडोंगमधल्या कँटन बंदराला जायची. त्या व्यापारातल्या पैशांवर मुंबईत मोठाली घराणी उभी राहिली. ज्यांच्या नावाचं जे. जे. रुग्णालय आहे ते जमशेटजी जीजीभॉय त्याच व्यापारात होते. चीनने अफू अडवली तेव्हा ब्रिटनने १८३९ मध्ये पहिलं अफू युद्ध केलं, १८५६ मध्ये दुसरं सुरू झालं. दुसऱ्याची धुमश्चक्री कँटनभोवती, याच लोकांच्या प्रांतात चालू होती. आणि ऑस्ट्रेलियात अफू बेकायदा होती का? मुळीच नाही. वसाहतींची सरकारं तिच्यावर जकात घेत होती. बंदी घाला म्हणून सिडनीत अर्ज घेऊन फिरणारा माणूस चिनीच होता: क्वाँग टार्ट, लहानपणी सोन्याच्या खाणींवर आलेला, पुढे चहाचा मोठा व्यापारी झालेला. १८८०च्या दशकापासून तो मागे लागला होता. बंदी आली ती विसाव्या शतकात, तो वारल्यावर.

सोनं घरी पाठवलं, हे अर्धं खरं, तेवढं मी मान्य करते. बहुतेकांना परतच जायचं होतं, बायका जवळजवळ कोणी आणल्या नव्हत्या, देणं फेडायचं होतं. पण ते सोनं लुटलेलं नव्हतं. इतरांनी सोडून दिलेल्या जागी, धुऊन टाकलेली माती पुन्हा धुऊन ते कण वेचत. आखातातून घरी पैसे पाठवणाऱ्या आपल्या कोकणी माणसाला लुटारू म्हणायची कोणाची हिंमत आहे? जे तिथेच राहिले त्यांनी पाट काढून भाजीचे मळे केले, दुकानं आणि खाणावळी घातल्या, काहींनी आयरिश आणि इंग्रज बायकांशी लग्नं केली. व्हिक्टोरियातल्या बीचवर्थ या खाणींच्या गावच्या दफनभूमीत तर चिन्यांच्या थडग्यांचा वेगळा मोठा भागच आहे.

आणि तो "देश वाचवणारा" कडक कायदा. १९०१ चा. त्यात चिनी असा शब्दच नव्हता. अधिकारी बंदरावर ५० शब्दांचा उतारा वाचून दाखवायचा, कुठल्याही युरोपीय भाषेत, त्याच्या मर्जीने. येणाऱ्याला तो लिहून दाखवता आला नाही की परत पाठवणी. या चाळणीने चिन्यांसोबत भारतीयही अडवले, ब्रिटिश साम्राज्याचे प्रजाजन असूनही. ऑस्ट्रेलिया फक्त गोऱ्यांचा ठेवायचं ते धोरण पुरतं मोडायला १९७३ उजाडलं. मामा, तो कायदा आज असता तर तुमच्या मुलाला तिथे पाऊल ठेवता आलं नसतं, आणि मला ज्याने फोन केला तो नातू त्या वर्गात बसला नसता.

जानेवारीत तुम्ही मेलबर्नला जाताय. तिथून बेंडिगो हे सोन्याच्या खाणींचं जुनं गाव रेल्वेने दोन तासांवर आहे. तिथल्या संग्रहालयात लूंग नावाचा चिन्यांचा जुना मिरवणुकीचा ड्रॅगन आहे. गावच्या ईस्टरच्या जत्रेत रुग्णालयासाठी पैसे जमवायला चिनी लोक १८७०च्या दशकापासून उतरत आले. ऑस्ट्रेलियाचं संघराज्य झालं त्या सोहळ्यात, १९०१ मध्ये, हाच लूंग मेलबर्नच्या रस्त्यावर नाचला होता, आणि तो कायदा त्याच वर्षी डिसेंबरमध्ये झाला. नातवाला सोबत घेऊन जा. त्याला मी काय सांगितलं ते तिथेच त्याच्याकडून ऐका, आणि तो मेसेज ग्रुपवरून आजच काढा.