ती तेव्हा कुणाची पत्नी नव्हती

आज १९ डिसेंबर. गोवा मुक्तिदिन म्हणून सकाळी आमच्याकडे छोटा कार्यक्रम होता. हार, नारळ, पोहे, सगळं यथासांग. पाहुणे म्हणाले, "वामन सरदेसाईंनी पत्नीच्या मदतीने आंबोलीच्या जंगलातून गुप्त रेडिओ चालवला." टाळ्या. मी पोह्यांची बशी खालीच ठेवली.

अहो, कसली पत्नी? लग्न झालं १९६४ साली. रेडिओ सुरू झाला २५ नोव्हेंबर १९५५ ला. तेव्हा ती लिबिया लोबो होती, मुंबईत कायदा शिकलेली. ते सगळं सोडून सहा वर्षं रानात राहिली, आधी आंबोली, मग गोव्याच्या सीमेवरचं कॅसलरॉक. ज्याला आंबोलीचा पाऊस ठाऊक आहे त्याला वेगळं सांगायला नको. आणि "मदतीने" म्हणे!

माझ्या आजीचं माहेर गोव्यातल्या पेडण्याचं, सासर अलीकडच्या, महाराष्ट्रातल्या आरोंद्याचं. मधे तेरेखोल नदी. किरणपाणीच्या धक्क्यावरून पलीकडचे माड मोजता येतात. १९५५ ला सीमा बंद झाली आणि आजीचं माहेर तुटलं. बाप गेला तेव्हाही जाता आलं नाही, धक्क्यावर उभी राहून रडली आणि घरी आली. आजोबांच्या दुकानातल्या रेडिओवर मात्र लिबियाबाईंचं तेच गुप्त केंद्र, 'गोंयचे सोडवणेचो आवाज', लागायचं. आजी म्हणायची, "माका पास लागता, त्या बायच्या आवाजाक लागणा नाय."

सुधाताई जोशींचंही तेच. ६ एप्रिल १९५५ ला म्हापशात गोवा नॅशनल काँग्रेसच्या अधिवेशनाच्या अध्यक्ष म्हणून उभ्या राहिल्या, पोर्तुगीजांनी पकडलं, बारा वर्षांची सजा ठोठावली. आणि आपण ओळख काय करून देतो? संस्कृतिकोशवाल्या महादेवशास्त्रींची बायको. संताप येतो नुसता.

बरं, पाहुण्यांनी निदान विषय तरी काढला, बाकीचे तेवढंही करत नाहीत. वामनरावांचं श्रेयही मला कमी करायचं नाहीये. लिबियाबाईंना २०२५ साली पद्मश्री मिळाली, हेही खरं. शंभरी गाठल्यावर!

१९ डिसेंबर १९६१ ला याच बाई विमानातून पणजीवर फिरल्या आणि ४५१ वर्षांनी गोवा मोकळा झाल्याचं लाउडस्पीकरवरून पोर्तुगीजमध्ये आणि कोकणीत सांगितलं. आजीला हे बरंच नंतर कळलं. ती त्या आठवड्यात होडीत बसून पलीकडे गेली होती, डोक्यावर नारळाची पाटी घेऊन. बापाच्या खाटेशी बसून रडून झालं. मग भावाने हळूच विचारलं, तुमच्याकडे तो रेडिओ लागायचा का? तो इकडे दार लावून, गोधडीत डोकं घालून ऐकायचा. सहा वर्षं दोघं नदीच्या दोन काठांना एकच बाई ऐकत होते.

मग म्हणे खळ्यात बसून दोघांनी तिची नक्कल करून पाहिली. आजीला जमली नाही. मामाआजोबांना हुबेहूब जमायची.