‘इंग्लंडचे रामशास्त्री’? जरा थांबा

‘इंग्लंडचे रामशास्त्री’ नावाचा मेसेज काकांनी घरच्या ग्रुपवर टाकला आणि आता पुतणी तो वक्तृत्व स्पर्धेसाठी पाठ करतेय. म्हणून लिहायला बसलो. मेसेजचं म्हणणं असं: लॉर्ड हेवर्ट यांना राजकारणाचा वारासुद्धा लागला नव्हता, ते निव्वळ ज्येष्ठतेवर सरन्यायाधीश झाले, पोटच्या मुलाला फाशी सुनावताना ते म्हणाले, ‘न्याय नुसता होऊन भागत नाही, तो झालेला दिसलाही पाहिजे’, आणि म्हणूनच ब्रिटनमध्ये राजकारण्याला न्यायासन मिळत नाही.

वारा? गॉर्डन हेवर्ट १९१३ पासून लेस्टरचे लिबरल खासदार. मग सॉलिसिटर जनरल, १९१९ मध्ये अ‍ॅटर्नी जनरल (दोन्ही सरकारच्या कायदा सल्लागाराची, तिथे राजकारण्यांकडेच जाणारी पदं), पुढे मंत्रिमंडळात. १९२१ च्या आयरिश करारावर ब्रिटिश सरकारतर्फे त्यांचीही सही आहे.

ज्येष्ठतेची गोष्ट तर ऐकाच. १९२१ मध्ये सरन्यायाधीश लॉर्ड रीडिंग (हेही जुने लिबरल खासदारच) व्हाइसरॉय होऊन हिंदुस्थानात आले. रिकाम्या खुर्चीवर पहिला हक्क अ‍ॅटर्नी जनरलचा, असा तिथला रिवाज, आणि हेवर्टना ती हवीच होती. पण पंतप्रधान लॉइड जॉर्जना ते संसदेत हवे होते. मग ७७ वर्षांच्या न्यायमूर्ती लॉरेन्सना सरन्यायाधीश केलं आणि त्यांच्याकडून राजीनामा आधीच लिहून घेतला, तारीख न घालता. एसटीच्या सीटवर रुमाल टाकतात ना, तसं! मार्च १९२२ मध्ये तारीख पडली, हेवर्ट आले. आपण राजीनामा दिल्याचं लॉरेन्सना म्हणे पेपरात वाचून कळलं. प्रकृतीचं कारण असेल म्हणावं, तर हे गृहस्थ १९३६ मध्ये, नव्वदी ओलांडल्यावर, मासे पकडायला गेले असताना नदीत पडून वारले.

आता ती फाशी. मुलगा नाही, खून नाही, फाशीही नाही. ससेक्समधला मोटारसायकल अपघाताचा साधा खटला. चालकाला दोषी ठरवणारे मॅजिस्ट्रेट निकालाचा विचार करायला आत गेले, तेव्हा कोर्टाचा कारकूनही त्यांच्यासोबत गेला; आणि त्याच अपघातात चालकाकडून भरपाई मागणाऱ्या पक्षाचं काम त्या कारकुनाची वकिली पेढी बघत होती. आत त्याला कोणी काही विचारलं नाही, हे मान्य झालं. तरीही हेवर्टनी शिक्षा रद्द केली. म्हणजे ते वाक्य शिक्षा देताना नव्हे, उठवताना लिहिलेलं आहे. किंग्ज बेंच या तिथल्या वरिष्ठ कोर्टाच्या १९२४ च्या निवाड्यांचा पहिला खंड, पान २५६. कोणत्याही वकिलाला विचारा.

वाक्य त्यांचंच आहे आणि सोन्यासारखं आहे, हे कबूल. आज ब्रिटनमध्ये न्यायाधीश आयोगामार्फत निवडले जातात, तेवढ्यापुरता शेवटचा मुद्दाही अर्धा खरा. पण हा आयोग आणणारा कायदा २००५ चा. हेवर्ट १९४० मध्येच पायउतार झाले होते.