याकींच्या मुखवट्याआड सैतान नाही, नवस आहे

ईस्टर जवळ आला की एक मजकूर फिरू लागतो. मेक्सिकोच्या सोनोरा राज्यातले याकी आदिवासी भेसूर मुखवटे घालून ख्रिस्ताची टिंगल करतात, ती सैतानपूजाच आहे. तलवारीच्या धाकाने लादलेल्या धर्माचा तो सूड आहे. आणि शेवटची मुखवट्यांची होळी निव्वळ तमाशा आहे, असं त्यात म्हटलेलं असतं.

आधी तलवारीचं. स्पॅनिश कॅप्टन उर्दाइदेच्या स्वाऱ्या याकींनी परतवून लावल्या, मग 1610 मध्ये तह झाला. 1617 मध्ये दोन जेझुइट, म्हणजे एका कॅथलिक संघाचे धर्मप्रसारक, आले, ते याकींनी बोलावल्यावर. 1740 चा उठाव जमीन, मजुरी आणि मिशनच्या कारभारावरून झाला. 1767 मध्ये स्पेनच्या राजाने जेझुइटांना हाकललं, तेव्हा धर्म टाकून देण्याची मोकळीक होती. याकींनी टाकला नाही. त्यांच्यातलेच 'माएस्त्रो', म्हणजे प्रार्थना सांगणारे, ती चालवत राहिले.

आता मुखवटे. ते घालणारे चापायेका म्हणजे येशूला शोधून पकडणारे परुशांचे, म्हणजे बायबलमधल्या येशूच्या विरोधकांचे, शिपाई. त्यांचं सगळं उलटं: कामं डाव्या हाताने, पवित्र गोष्टींपुढे वेडेचार. टिंगल दिसते ती इथे. पण ही भूमिका बहुधा नवसाने घेतलेली असते, आजारातून उठलो तर इतकी वर्षं सेवा करीन अशी. मुखवट्याच्या आत रोझरीचा, म्हणजे जपमाळेचा, क्रूस दातांत धरलेला असतो आणि मनात प्रार्थना चालू असते. क्रूस सुटला तर मुखवट्यातलं दुष्टपण माणसाला चिकटतं, अशी श्रद्धा आहे. म्हणूनच बोलायचं नाही. जे सांगायचं ते लाकडी तलवार खंजिरावर आपटून किंवा कमरेचा पट्टा खुळखुळवून. सैतान पूजणारा क्रूस दातांत कशाला धरेल?

राख बुधवारी ईस्टरआधीचा उपासकाळ सुरू होतो. त्यानंतर दर शुक्रवारी क्रूसाच्या वाटेवर, म्हणजे येशूच्या शेवटच्या प्रवासाचे टप्पे दाखवणाऱ्या वाटेवर, मिरवणूक निघते आणि आठवड्यागणिक चापायेका वाढत जातात. पवित्र शनिवारी, म्हणजे ईस्टरच्या आदल्या दिवशी, ते चर्चवर तीनदा चाल करून जातात. समोर शस्त्रं नसतात: छड्या घेतलेली देवदूत मुलं, हरीण-नर्तक, पास्कोला हे विधी-नर्तक आणि त्यांच्या हातातली फुलं. क्रूसावरून सांडलेलं ख्रिस्ताचं रक्त फुलं झालं असं याकी मानतात, म्हणून त्या माऱ्यापुढे दुष्टपण टिकत नाही. तिसऱ्या चालीनंतर मुखवटे आणि तलवारी येशूला दगा देणाऱ्या यहूदाच्या पुतळ्याजवळ टाकून त्यासह जाळतात. उघड्या चेहऱ्याच्या नवसकऱ्यांना त्यांचे धर्ममातापिता पांघरूण घालून धावत चर्चमध्ये नेतात.